नावात फसगत : ॲग्रिमनी की पिवळा धोत्रा?

होळीच्या आठवडाभर आधीची गोष्ट. दवाखाना बंद करायची वेळ झाली होती. कामतघरच्या एक बाई आल्या. हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेली जुडी होती. बोटांना पिवळे डाग पडले होते आणि तळहातावर काटे टोचल्याच्या खुणा होत्या. जुडी टेबलावर ठेवून त्या म्हणाल्या, "डॉक्टर, ही ॲग्रिमनीच ना? काढा किती उकळायचा तेवढं सांगा."

कागद उघडला. आत पिवळा धोत्रा. मुळासकट, फुलासकट, दोन-चार बोंडेही होती.

"ताई, काढा दिला का कुणाला?" माझा पहिला प्रश्न हाच.

"नाही. म्हटलं, आधी तुम्हांला दाखवावं."

त्यांचे हे 'म्हटलं' फार मोलाचे ठरले. आजचा सगळा लेख त्या जुडीवरच आहे. कारण बाईंची चूक ही निष्काळजीपणाची नव्हती. त्यांनी चौकशी केली होती, पुस्तकही पाहिले होते. फसवले ते नावाने.

हकीकत अशी. त्यांचे यजमान यंत्रमागावर कामाला. बारा तासांची पाळी, एक आठवडा दिवसाची तर दुसरा रात्रीची. माणूस मोठा विनोदी. कारखान्यात, चहाच्या टपरीवर, लग्नकार्यात सगळ्यांना हसवणारा. घरी आला की मात्र गप्प. रात्री दोन-दोन वाजेपर्यंत कूस बदलत राहायचा. विचारले तर "काही नाही गं, माग कानात वाजतोय," असे म्हणून पुन्हा थट्टा. अलीकडे झोप यावी म्हणून 'थोडी' घेऊ लागला होता, आणि ती थोडी रोजची झाली होती. कुणा ओळखीच्या माणसाने बाईंना सांगितले की हसऱ्या चेहऱ्याआड दुःख लपवणाऱ्यांसाठी ॲग्रिमनी नावाच्या पिवळ्या रानफुलाचे औषध असते. बाईंनी ते नाव कागदावर लिहून आणले. त्यांचा भाचा कॉलेजात विज्ञान शाखेला. त्याने वनस्पतीशास्त्राचे पुस्तक चाळले आणि म्हणाला, "मामी, आर्जिमोन म्हणजे आपला पिवळा धोत्रा. वऱ्हाळा तलावाकडे पडीक जागेत किती तरी आहे. दुकानात कशाला जायचं?"

भाचा हुशार आहे, यात शंका नाही. पण ॲग्रिमोनिया वेगळी आणि आर्जिमोन वेगळे. ही दोन नावे एकाच मुळातून निघाली आहेत, त्यामुळे गोंधळ आजचा नाही. ग्रीक भाषेत डोळ्यांतल्या पांढऱ्या डागाला, फुलाला 'आर्जेमा' म्हणत. त्यावर उपाय म्हणून जुने वैद्य जी वनस्पती वापरत तिला 'आर्जेमोने' म्हणत. पुढे या शब्दाचा अपभ्रंश होऊन युरोपातल्या एका झाडाला ॲग्रिमोनिया हे नाव चिकटले, असे अभ्यासक मानतात. मूळ नाव मात्र मेक्सिकोहून आलेल्या काटेरी झुडपाच्या वाट्याला गेले. १७५३ साली लिनियस या स्वीडिश शास्त्रज्ञाने वनस्पतींची जी मोठी नोंदवही छापली, तीत ही दोन्ही नावे आहेत. बहिणी-बहिणींसारखी नावे, आणि झाडे मात्र एकमेकांची कोणी नव्हेत.

खरी ॲग्रिमनी कशी असते?

ॲग्रिमोनिया युपेटोरिया ही गुलाबकुलातली वनस्पती. सफरचंद, नासपती, बदाम, महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी हे सगळे याच कुलातले. युरोपात माळावर, कुंपणाकडेला, रस्त्याच्या बांधावर ती आपोआप उगवते. बहुवर्षायू आहे, म्हणजे थंडीत वरचा भाग वाळला तरी जमिनीतला गड्डा जिवंत राहतो आणि वसंतात पुन्हा फुटतो. उंची गुडघ्यापासून कमरेपर्यंत. पान गुलाबाच्या पानासारखे, एका देठावर अनेक दातेरी पर्णिका. गंमत अशी की मोठ्या पर्णिकांच्या मधेमधे अगदी चिमुकल्या पर्णिकाही असतात. पानाला मऊ लव असते.

फुले कशी असतात ते आपल्याकडच्या माणसाला सांगायचे तर आघाडा डोळ्यांपुढे आणावा. आघाड्यासारखाच सरळ उंच तुरा असतो, फक्त त्यावर पाच पाकळ्यांची पिवळीधमक फुले असतात. एकेक फूल करंगळीच्या नखापेक्षा मोठे नाही. फूल गळाले की खाली वळलेले, आकडेदार केसांचे बोंड तयार होते, आणि आघाड्याप्रमाणेच तेही जाणाऱ्या-येणाऱ्याच्या कपड्यांना व जनावरांच्या अंगाला चिकटून परगावी जाते. हरितालिकेला व गणपतीला पत्री गोळा करताना ज्यांनी परकरावरची, धोतरावरची आघाड्याची कुसळे वेचली आहेत त्यांना हे लगेच समजेल.

ही वनस्पती आपल्या कोकणपट्टीत रानात उगवत नाही. तिची एक बहीण, ॲग्रिमोनिया पायलोसा, हिमालयात काश्मीरपासून पूर्वेकडे सापडते, आणि चीनमध्ये तिचा रक्तस्राव थांबवणारे औषध म्हणून जुना वापर आहे. पण भिवंडी तालुक्यात कुणी "ही ताजी ॲग्रिमनी" म्हणून पाला दिला, तर ती ॲग्रिमनी नाही असे बेलाशक समजावे.

गुण काय? या झाडात टॅनिन भरपूर असते. टॅनिन म्हणजे तुरटपणा. चहा जास्त उकळला की जिभेला जे आवळल्यासारखे वाटते, तेच. बाभळीची साल, हिरडा, डाळिंबाची साल यांतही हेच द्रव्य आहे. म्हणून युरोपात ॲग्रिमनीचा काढा सौम्य जुलाबावर, घसा बसल्यास गुळण्यांसाठी आणि किरकोळ जखमा धुण्यासाठी पिढ्यान्‌पिढ्या वापरला गेला. युरोपच्या औषध नियंत्रण संस्थेनेही एवढ्याच उपयोगांना, आणि तेही 'परंपरेने वापरात आहे' या आधारावर, मान्यता दिली आहे. थोडक्यात, आपल्या आजीच्या बटव्यातली डाळिंबसाल जे काम करते ते तिकडे ॲग्रिमनी करते. परदेशातून मागवावे असे त्यात काही नाही. आणि जुलाब जोराचे असतील, विशेषतः लहान मुलाला, तर कुठल्याही तुरट काढ्यापेक्षा जलसंजीवनी आधी. पुडी नसेल तर एक लिटर स्वच्छ पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ. चमचा चहाचा.

जाता जाता एक गंमत. 'युपेटोरिया' हा शब्द पाँटसच्या मिथ्रिडेटीस युपेटर या राजावरून आला. या राजाला विषप्रयोगाची एवढी धास्ती होती की तो म्हणे रोज थोडे थोडे विष पचवून पाही आणि उतारे शोधत बसे. त्याच्या नावाचे झाड शोधायला गेलेल्या बाईंच्या हाती विष लागावे!

बाख साहेबांची फुले

मग मनाच्या दुःखावर ॲग्रिमनी कुठून आली? तर एडवर्ड बाख या इंग्रज डॉक्टरांकडून. बाख १८८६ साली बर्मिंगहॅमजवळ जन्मले. लंडनच्या मोठ्या रुग्णालयात त्यांनी जंतुशास्त्राचे काम केले, पुढे होमिओपॅथीकडे वळले. १९३० साली चालता दवाखाना सोडून ते खेड्यापाड्यांतून रानफुले शोधत हिंडू लागले. शरीराच्या आजारापेक्षा रोग्याचा स्वभाव पाहून औषध द्यावे, असे त्यांचे मत. १९३६ साली निधन होईपर्यंत त्यांनी ३८ औषधे ठरवली. ॲग्रिमनी ही त्यांच्या पहिल्या बारांतली. स्वच्छ झऱ्याच्या पाण्यावर फुले पसरून ती काही तास उन्हात ठेवायची, मग फुले काढून त्या पाण्यात तेवढीच ब्रँडी मिसळायची. त्यातले दोन थेंब पुन्हा पातळ करून घ्यायचे. आपल्याकडे यांनाच पुष्पौषधी म्हणतात.

या औषधांबद्दल माझे मत विचारतात म्हणून स्पष्ट लिहितो. निम्म्या रोग्यांना खरे थेंब आणि निम्म्यांना नुसते पाणी देऊन ज्या तुलना झाल्या, त्यांचा एकत्र आढावा घेतला असता खऱ्या थेंबांचा गुण खोट्या थेंबांहून जास्त असल्याचे दिसले नाही. थेंबांनी बरे वाटते ते कुणीतरी आपले ऐकून घेतले, वेळ दिला, त्याने. हेही काही कमी नाही. पण ते काम फुलाचे नव्हे.

थेंबांत फुलाचा अंश नावापुरता असल्याने अपाय सहसा होत नाही. दोन गोष्टी मात्र ध्यानात ठेवाव्यात. एक, त्यात मद्यार्क असतो. दारू सोडवण्यासाठी डायसल्फिराम ही गोळी जो घेत आहे, त्याला मद्यार्काचे थेंबही बाधू शकतात. धर्मामुळे दारू वर्ज्य मानणाऱ्यांनाही हे माहीत असायला हवे. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. थेंबांवर विसंबून खरा इलाज लांबणीवर पडतो.

पण बाख साहेबांचे एक मानले पाहिजे. माणूस त्यांनी बरोबर ओळखला. हसतमुख, भांडण नको म्हणून पड खाणारा, स्वतःची काळजी थट्टेखाली दडपणारा आणि ती सोसवेना की पेल्याकडे वळणारा. ॲग्रिमनीच्या वर्णनात त्यांनी ही दारूची गोष्टही लिहून ठेवली आहे. बाईंच्या यजमानांचे जणू छायाचित्रच. आमच्या धंद्यात असा रोगी सर्वांत फसवा. रडणाऱ्याची विचारपूस सगळे करतात, हसणाऱ्याची कोण करणार?

आता त्या जुडीबद्दल

पिवळा धोत्रा, फिरंगी धोत्रा, हिंदीत सत्यानाशी. शास्त्रीय नाव आर्जिमोन मेक्सिकाना. शंकराला वाहतो तो धोत्रा हा नव्हे. तो वांग्याच्या कुलातला, हा अफूच्या कुलातला. 'फिरंगी' या शब्दातच त्याचे परकेपण आहे. पडीक शेत, रस्त्याची कड, नाल्याचा काठ, बांधकामाची मोकळी जागा, कुठेही फोफावतो. पाने निळसर हिरवी, शिरा पांढऱ्या, कडांना टोकदार काटे. फूल चांगले रुपयाच्या नाण्याहून मोठे, पाकळ्या चार ते सहा, रेशमी पिवळ्या. देठ मोडला की पिवळा चीक येतो. बाईंच्या बोटांवरचे डाग त्याचेच. म्हणजे ओळख अगदी सोपी : चीक आला, काटे टोचले, तर ती ॲग्रिमनी नव्हे. उंच तुऱ्यावर नखाएवढी फुले असतील, चीक व काटे नसतील, तरच पुढचा विचार.

काही घरांतून हा चीक डोळे आल्यावर डोळ्यांत घालतात. त्या ग्रीक 'आर्जेमा'ची आठवण जणू इथवर पोचली आहे. कृपा करून घालू नका. बुबुळाला इजा होऊ शकते.

या झाडाचे खरे विष बियांत आहे. बोंड वाळून फुटले की काळ्या बारीक बिया सांडतात, मोहरीसारख्या. त्यांच्या तेलात सँग्विनारिन व त्याच्या जातीची द्रव्ये असतात. ती पोटात गेली की अंगातल्या सर्वांत बारीक रक्तवाहिन्या सैल पडतात, त्यांच्या भिंतींतून पाणी व प्रथिने पाझरू लागतात. दोन्ही पाय सुजतात. दाबले तर खळगा पडतो, कातडी लालसर होते, दुखते, जळजळते. बहुधा आधी जुलाब, मळमळ होते. पुढे दम लागतो, हृदयावर ताण येतो. काहींच्या डोळ्यांतला दाब वाढून काचबिंदू होतो आणि दृष्टी जाऊ शकते. या रोगाला साथीचा जलोदर म्हणण्याची पद्धत आहे, पण हा जंतूंचा रोग नव्हे. साथ येते ती तेलाच्या डब्यातून.

कलकत्त्यात १८७७ साली याची पहिली नोंद झाली. कारण उमगायला पुढे कित्येक दशके गेली. आणि हा केवळ इतिहास नव्हे. १९९८च्या पावसाळ्यात दिल्लीत मोहरीच्या तेलातल्या भेसळीने हजारो माणसे आजारी पडली आणि साठांहून अधिक दगावली. देशाच्या राजधानीत, एवढी रुग्णालये हाकेच्या अंतरावर असताना. मोहरीच्या तेलात शंभरात एक भाग हे तेल मिसळले गेले तरी आजार होऊ शकतो. मोहरी आणि पिवळा धोत्रा एकाच हंगामात, कधी एकाच शेतात पिकतात. त्यामुळे बी नकळत मिसळू शकते. मुद्दाम मिसळणारेही आहेत.

आता तुम्ही म्हणाल, आम्ही शेंगदाण्याचे नाहीतर सोयाबीनचे तेल खातो, आम्हांला काय त्याचे? पण भिवंडी हे आता एका चवीचे गाव राहिलेले नाही. उत्तर प्रदेश, बिहारकडून आलेला कामगार मोहरीच्या तेलाशिवाय भाजी खात नाही. तो जेवतो बिशीत. एका बिशीत कितीतरी ताटे एकाच कढईतून वाढली जातात. एक डबा खराब निघाला तर ती सगळी ताटे खराब. लोणचे घालणाऱ्या मराठी घरांतही मोहरीचे तेल आता सर्रास येते. म्हणून बिशी चालवणाऱ्यांनी आणि घरच्या बायकांनी पुढचे ध्यानात घ्यावे.

सुटे तेल घेऊ नये. खाद्यतेल बंद डब्यातच विकायचे असा नियम आहे. डब्यावर उत्पादकाचे नाव, पत्ता, परवाना क्रमांक व तारीख हवी. तेलघाण्यावरून स्वतः मोहरी देऊन तेल काढून आणत असाल तर मोहरी आधी पांढऱ्या कागदावर पसरून पाहावी. मोहरीचा दाणा गुळगुळीत असतो. धोत्र्याचा दाणा अधिक काळा आणि खडबडीत, भिंग घेतले तर चटकन ओळखू येतो. संशय आला तर नखाने चिरडावा. मोहरी आतून पिवळी निघते, धोत्र्याचे बी पांढरे. प्रयोगशाळेत नायट्रिक आम्ल घालून तेलाचा रंग पाहतात. तो प्रयोग घरी करू नये, आम्लाने हात भाजतील. तेल कडकडीत तापवले म्हणजे निर्धोक झाले, असेही समजू नये.

आणि सर्वांत महत्त्वाची खूण. एकट्याचे पाय सुजले तर हृदय, मूत्रपिंड, यकृत, रक्तक्षय अशी दहा कारणे असू शकतात. पण एका घरातल्या दोघा-तिघांचे किंवा एका बिशीतल्या चौघा-पाचांचे पाय एकाच सुमारास सुजले, तर पहिला संशय तेलावर घ्यावा. ते तेल त्याच दिवशी बंद. फेकून मात्र देऊ नये. डबा झाकून बाजूला ठेवावा, तपासणीला लागतो. सगळ्यांना घेऊन सरकारी रुग्णालय गाठावे, डॉक्टरांना "आम्ही सारे एकाच ठिकाणी जेवतो" हे आवर्जून सांगावे आणि अन्न व औषध प्रशासनाकडे तक्रार द्यावी. या विषावर हमखास उतारा नाही. तेल बंद करणे, विश्रांती, सूज उतरवणारी औषधे आणि हृदयाची व डोळ्यांची काळजी, एवढाच इलाज. लवकर ओळखले तर बहुतेक रोगी बरे होतात.

बाईंना काय सांगितले

जुडी मी ठेवून घेतली. त्यांना हात साबणाने धुवायला लावले. मग यजमानांविषयी बोललो. चारचौघांत त्याला काही विचारू नका, तो पुन्हा विनोदच करील. पाळी सुटल्यावर, जेवण झाल्यावर, मुले झोपल्यावर बसा. "तुम्ही का पिता?" असे विचारू नका, "झोप का येत नाही?" असे विचारा. उत्तराची घाई नको. बाई म्हणाल्या, "आणि दारू? उद्यापासून बाटलीच फोडून टाकते."

इथे मी त्यांना थांबवले. रोज पिणाऱ्याची दारू एकदम तोडली तर दोन-चार दिवसांत हात थरथरणे, घाम, भास होणे, झटके येणे असे प्रकार होऊ शकतात आणि ते जिवावर बेतू शकतात. दारू सोडवायचीच, पण डॉक्टरांच्या देखरेखीखाली. त्यासाठी औषधे आहेत. मनाच्या आजाराविषयी घरबसल्या मोफत बोलायचे असेल तर २०२२ पासून सरकारची टेलिमानस सेवा आहे, क्रमांक १४४१६. मराठीतही बोलता येते. आणि कुणी "मी नसलो तर बरं होईल" असे थट्टेतही म्हणाला, तर ती थट्टा समजू नका. त्याला एकटे सोडू नका, त्याच दिवशी डॉक्टर गाठा.

धुळवडीनंतर पाचव्या दिवशी तो स्वतः आला. दारातच माझ्या कंपाउंडरला विनोद सांगून हसवले. खुर्चीत बसला आणि म्हणाला, "डॉक्टर, बायको म्हणते मला फूल द्या, म्हणून आलो." मी दार लोटून घेतले. पुढची पंधरा मिनिटे तो इकडचे तिकडचे बोलला. मग गावाकडच्या कर्जाचे निघाले. भावाच्या आजारपणात काढलेले, कुणालाच न सांगितलेले. त्या दिवशी बाहेर बसलेल्या रोग्यांना बराच वेळ थांबावे लागले. त्यांची इथे क्षमा मागतो.

भाच्यालाही निरोप धाडला आहे. दवाखान्यात ये, दोन्ही झाडांची चित्रे तुला दाखवतो.

(पुढील आठवड्यात : मागाच्या खडखडाटाने येणारा बहिरेपणा)